आईचे अश्रू करारात लिहून देऊ नकोस

या आठवड्याचं पत्र सोलापूरच्या एका तेवीस वर्षांच्या मुलाचं आहे. नाव आणि ओळख पटेल असे तपशील मी काढले आहेत. भाषा त्याचीच ठेवली आहे.

"ताई, नमस्कार. मी पूर्व भागात राहतो. अक्कलकोट रोडच्या एमआयडीसीत टॉवेलच्या कारखान्यात पॅकिंगला आहे. आई विड्या वळती. पप्पा आधी मागावर होते, आता वॉचमन आहेत. दोन वर्षं झाली, मी मोबाईलवर व्हिडिओ टाकायलोय. अ‍ॅक्टिंग नाही, लिहून काय नाही. कामावरून सुटलो की दिवसभरात जे झालं ते कॅमेऱ्यापुढं सांगायचं, आपल्या सोलापुरी भाषेत. मध्येच तेलुगू येतं, मध्येच दखनी. लोकांना तेच आवडलं. यंदा गड्ड्यावर (सिद्धेश्वराच्या यात्रेत) गेलो तर पोरं सेल्फीसाठी थांबवायली.

गेल्या महिन्यात मुंबईहून फोन आला. एका रिअ‍ॅलिटी शोसाठी निवड चालू आहे म्हणले. दोनदा व्हिडिओ कॉलवर मुलाखत झाली. दुसऱ्या वेळी विचारलं, घरी दारूचा त्रास होता का. मी होता म्हणालो. पप्पा लई प्यायचे, मारायचे पण. आता सोडून तीन वर्षं झाली. मॅडम म्हणल्या, हे छान आहे, सांगताना रडू आलं तर थांबवू नका. आईचा विड्या वळतानाचा व्हिडिओ पाठवा, हात जवळून दिसले पाहिजेत. बहिणीचं लग्न पैशामुळं अडलंय का, ते पण विचारलं. अडलेलं नाही, स्थळं बघायलेत.

हे कळल्यापासून बहीण बोलत नाही. आई म्हणती, 'आमचं काय दाखवायचं ते दाखव, तुझं चांगलं होऊ दे.' पप्पांना अजून सांगितलेलं नाही. त्यात पुण्याचा एक जण मॅनेजर होतो म्हणतोय. पाच वर्षांचा करार, चाळीस टक्के त्याचे, खात्याचा पासवर्ड त्याच्याकडं, आणि फोटो-पोर्टफोलिओचे तीस हजार आधी द्यायचे.

माझा प्रश्न एकच आहे. मी खरा आहे म्हणून लोकांना आवडतो. मग घरचं लपवलं तर मी खोटा नाही का ठरणार? जाऊ का नको?"

---

प्रिय मित्रा,

तुझ्या शेवटच्या प्रश्नापासून सुरुवात करते, कारण बाकी सगळं त्याच्यावर अवलंबून आहे. नाही, तू खोटा ठरत नाहीस. एखादी गोष्ट न सांगणं आणि खोटं सांगणं यात फार अंतर आहे. बहिणीचं लग्न पैशापायी अडलंय असं म्हणालास तर तू खोटा ठरशील. पप्पा अजूनही पितात असा लोकांचा समज होऊ दिलास, तर खोटा ठरशील. आता तूच बघ, तुला खोटेपणाकडे कोण ढकलतंय? ज्या बाईंना तुझा खरेपणा हवा आहे, त्यांचेच प्रश्न.

तू पाठवलेले व्हिडिओ मी पाहिले. पानटपरीवरच्या व्हिडिओत टपरीवाला तेलुगूत बोलतो, शेजारचा चाचा दखनीत टोमणा मारतो आणि तू दोघांना मराठीत उत्तर देतोस, तो मी पुन्हा लावून बघितला. "अ‍ॅक्टिंग नाही" असं तू लिहितोस. संवाद पाठ केलेले नाहीत एवढाच त्याचा अर्थ. चाचाचा टोमणा झाल्यावर तू लगेच बोलत नाहीस, त्याच्याकडे बघतोस, मग कॅमेऱ्याकडे बघतोस आणि मग तोंड उघडतोस. हे आपोआप होत नाही. दिवसभरात पन्नास गोष्टी घडतात, त्यातली एक तू उचलतोस. कुठे सुरू करायची आणि कुठे सोडायची ते ठरवतोस. कारखान्यातल्या मित्राची फजिती सांगताना त्याचं नाव घेत नाहीस, हेही माझ्या लक्षात आलं. म्हणजे काय सांगायचं आणि काय नाही, हे दोन वर्षं तू रोज ठरवतो आहेस. त्यामुळे तुझे बघणारे फसले का? मुळीच नाही. ही तुझी कला आहे आणि तिला काम म्हणायची सवय तू लावून घ्यायला हवीस. काम म्हटलं की वेळ येते, मोबदला येतो, आणि 'हे माझ्या कामात बसत नाही' असं म्हणायचा हक्कही येतो.

नातेवाईक नावं ठेवत असतील तर त्याचा फार विचार करू नकोस. तुझ्या गावाने हे पूर्वीही पाहिलंय. पेशवाईच्या उत्तरकाळातले शाहीर राम जोशी सोलापूरचेच. वैदिकांच्या घरातला हा मुलगा तमाशाच्या फडाकडे ओढला गेला म्हणून भावाने त्याला घराबाहेर काढलं होतं. त्या भावाला आज लोक ओळखतात ते राम जोशींचा भाऊ म्हणून.

तुझ्या कामात एक अवघड गोष्ट मात्र आहे, जी नटाच्या वाट्याला येत नाही. हुतात्मा स्मृती मंदिराच्या नाट्यगृहात खलनायक रंगवणारा माणूस प्रयोग संपला की तोंडाचा रंग पुसतो आणि बाहेर भजी खायला उभा राहतो. प्रेक्षकांनी शिव्या दिल्या त्या पात्राला दिल्या, हे त्यालाही माहीत असतं आणि शिव्या देणाऱ्यालाही. तुझं तसं नाही. पडद्यावर तुझंच नाव, तुझाच चेहरा, तुझीच आई. शोमध्ये तू कोणावर ओरडलास तर 'त्या भूमिकेत तो ओरडला' असं कोणी म्हणणार नाही, 'हा असाच आहे' म्हणतील, आणि ते तुझ्या पॅकिंग विभागातही म्हणतील. पुसायला रंगच नसतो. म्हणून स्वतःच्या नावाने पडद्यावर येणाऱ्याने कुंपण आधी घालून घ्यावं लागतं. आत गेल्यावर ते घालता येत नाही.

आत नेमकं काय होतं ते समजून घे. माणसांना एका घरात बंद ठेवून चित्रीकरण करणाऱ्या कार्यक्रमांचं मूळ 'बिग ब्रदर', १९९९ मध्ये नेदरलँड्समध्ये सुरू झालेलं. त्याचं हिंदी रूप 'बिग बॉस' २००६ मध्ये आलं आणि मराठी २०१८ मध्ये. संहिता नसते हे खरं आहे, तुझ्या हातात कोणी वाक्यं देत नाही. पण कोणाला कोणाबरोबर ठेवायचं, कोणता टास्क कधी द्यायचा, एकट्याला बोलावून कोणता प्रश्न विचारायचा आणि चोवीस तासांच्या चित्रीकरणातला कोणता तास दाखवायचा, हे सगळं ठरवणारी माणसं असतात. तू मागाच्या घरातला आहेस, तुला हे चटकन कळेल. सूत तुझं असतं, पण मागावरच्या जॅकार्ड यंत्राला कोणतं कार्ड लावलंय त्यावर चादरीची नक्षी ठरते. तू मंगळवारी वडिलांबद्दल प्रेमाने बोललास आणि शुक्रवारी जेवणावरून चिडलास, तर संकलनात या दोन गोष्टी एकमेकींना चिकटू शकतात आणि खाली करुण संगीत वाजू शकतं. 'दारुड्याचा मुलगा, म्हणून असा रागीट.' एक शब्दही खोटा न घालता ही गोष्ट तयार होते. ती माणसं दुष्ट असतात असं मला म्हणायचं नाही. त्यांना रोज एक तास भरायचा असतो आणि घरातलं दुःख हे त्यांच्या दृष्टीने सर्वांत खात्रीचं साहित्य असतं. म्हणून तर तुझ्या मुलाखतीत "हे छान आहे" असं म्हटलं गेलं. ते वाक्य वाचून मला त्रास झाला. एका घराने तीन वर्षं धडपडून जे मागे टाकलं, त्यात छान काही असेल तर ते मागे टाकणं, तो त्रास नव्हे.

हा रस्ता वाईटच आहे असं मात्र समजू नकोस. अमरावतीचा शिव ठाकरे आधी 'रोडीज'मध्ये दिसला, २०१९ मध्ये मराठी 'बिग बॉस' जिंकला आणि २०२३ च्या सुरुवातीला हिंदीच्या सोळाव्या पर्वात उपविजेता ठरला. कोणतीही भूमिका न करता, स्वतः म्हणूनच दिसत त्याने पुढचं काम मिळवत नेलं. तुझ्या जास्त जवळचा सूरज चव्हाण, बारामती तालुक्यातल्या मोढवे गावचा. त्याचं नाव टिकटॉकवर झालं. जून २०२० मध्ये टिकटॉकवर बंदी आली तेव्हा अशा कितीतरी मुलांच्या हातातली ओळख एका दिवसात गेली, पण तो टिकला. ऑक्टोबर २०२४ मध्ये मराठी 'बिग बॉस'चं पाचवं पर्व जिंकला आणि एप्रिल २०२५ मध्ये केदार शिंदे यांच्या चित्रपटाचा नायक झाला. खेड्यातली भाषा, खेड्यातलं वागणं, काही न लपवता. लोकांनी त्याच्यावर जीव टाकला त्याचा मला मनापासून आनंद झाला. पण त्याच्याबद्दलच्या बातम्या आठवून बघ. लहानपणी आई-वडील गेले ही गोष्ट किती वेळा सांगितली गेली? तो मुलगा लोकांना कसा हसवतो, ते त्याला कसं जमतं, हे किती जणांनी विचारलं? सूरजची ती गोष्ट त्याच्या स्वतःच्या आयुष्याची आहे, ती सांगायची की नाही ते त्याने ठरवायचं. तुझ्या बाबतीत निम्मी गोष्ट तुझी नाहीच.

इथे मी जरा थांबणार आहे, कारण तुझं पत्र मला इथेच सर्वांत जास्त लागलं.

पप्पांनी मारलं तेव्हा तू लहान होतास. ते दुःख तुझं आहे, त्याबद्दल बोलायचा तुला पूर्ण हक्क आहे, आणि बोलावंसं वाटलं तर जवळच्या माणसाशी किंवा समुपदेशकाशी जरूर बोल. पण दारू सोडणं हे पप्पांचं आहे. दारू सुटलेला माणूस ती रोज नव्याने सोडत असतो. 'अल्कोहोलिक्स अ‍ॅनॉनिमस' या दारू सोडू पाहणाऱ्यांच्या गटाच्या बैठकांत लोक आपली सगळी कहाणी सांगतात, पण तिथलं नाव बाहेर जाऊ देत नाहीत. सावरणाऱ्या माणसाला चारचौघांत तोंड वर करून चालता यावं, म्हणून ही काळजी. आता कल्पना कर. तू आतमध्ये आहेस. तुझ्याकडे फोन नाही, वर्तमानपत्र नाही, बाहेर काय चाललंय ते कळायला मार्ग नाही. आणि बाहेर पप्पा रात्रपाळीला गेटवर बसलेत. येणारा-जाणारा प्रत्येक जण त्यांच्याकडे बघतोय, कोणी हसून विचारतोय, 'काय बे, पोरगं म्हणतंय ते खरं का?' त्या रात्री त्यांच्याबरोबर कोण असणार आहे? तू नसशील. हा शो त्यांनी निवडलेला नाही. फॉर्मवर सही त्यांची नाही. जे व्हायचं ते मात्र त्यांचंही होईल.

तू त्यांना अजून सांगितलेलं नाहीस, याचा अर्थ उत्तर तुला आतून माहीत आहे. तरीही सांग. फोनवर नको, आईमार्फत नको. त्यांची पाळी नसेल अशा दिवशी दोघंच तळ्याकडे किंवा कुठेही चालत जा आणि विचार, "पप्पा, त्यांनी तुमच्याबद्दल विचारलं. मी काय सांगू?" ते "सांग" म्हणाले तर लगेच धरून बसू नकोस, आठवड्याने पुन्हा विचार. "नको" म्हणाले तर विषय संपला. मग मुलाखत घेणाऱ्यांनी कितीही गोड शब्दांत विचारलं तरी तो उघडायचा नाही.

आईचं "काय दाखवायचं ते दाखव" हे मला संमतीसारखं वाटत नाही. ती तुझ्यासाठी सोडून देते आहे. आपल्याकडच्या आया मुलाच्या भल्यासाठी कशालाही हो म्हणतात, म्हणून त्यांचा होकार घेताना दुप्पट काळजी घ्यावी लागते. तिला मोघम विचारू नकोस, नेमकं विचार. घरात सात-आठ अनोळखी माणसं दिवे आणि कॅमेरे घेऊन येतील, चालेल का? तुझ्या बोटांवर कॅमेरा धरतील, चालेल का? किती मिळतात, कशात भागवता असं विचारतील, तू सांगशील का? शेजारच्या बायका बघतील, नंतर बोलतील, त्याचं काय? कदाचित ती म्हणेल, हात दाखवा, पण घरातली मोरी नको. कदाचित म्हणेल, मी नऊवारी नेसेन आणि खुर्चीवर बसून बोलेन. तेही तिचं म्हणणंच आहे.

आणि आईच्या कामाबद्दल तू काहीच बोलू नयेस असं मी मुळीच म्हणत नाही. बोल, भरपूर बोल. पण ती दयेची गोष्ट करू देऊ नकोस. सोलापुरात विडी कामगार बायकांनी पिढ्यान्‌पिढ्या घरं चालवली, आणि मोर्चे काढून, वर्षानुवर्षं झगडून स्वतःची घरंही मिळवली. कुंभारीची गोदूताई परुळेकर वसाहत १०,००० घरांची आहे. पुढे रे नगरमध्ये जानेवारी २०२४ मध्ये १५,००० घरांच्या चाव्या कामगारांना मिळाल्या. पानं भिजवण्यापासून कातरण्यापर्यंत, तंबाखूचं माप नुसत्या हाताला कळण्यापर्यंत आणि माल द्यायला गेल्यावर मजुरीवरून घातलेल्या वादापर्यंत, तुझी आई काय काय जाणते हे तू तुझ्या पद्धतीने सांगितलंस तर महाराष्ट्र ऐकेल. हातांच्या क्लोजअपवर करुण सूर वाजवून हे सांगता येत नाही. तुला येतं. हाच तर तुझा त्या शोपेक्षा वरचढ असलेला भाग आहे.

बहिणीचा प्रश्न लहान आहे आणि उत्तर सोपं आहे. तिला शोमध्ये आणायचं नाही. तिचं नाव, फोटो, लग्न, काहीही नाही. स्थळं बघणं चालू असताना 'पैशापायी अडलेली मुलगी' असा शिक्का तिच्यावर बसला तर तो तू जिंकलेल्या रकमेने पुसला जाणार नाही. आजच तिला हे स्वतःहून सांग, ती बोलेल.

आता पुण्याच्या माणसाबद्दल. त्याला नाही म्हण. विचार करून सांगतो असंही म्हणू नकोस, सरळ नाही म्हण. जो तुझ्या कमाईतून हिस्सा घेणार आहे तो कमाईच्या आधी तुझ्याकडून तीस हजार कशाला मागतो? काम मिळवून देण्याआधी पैसे मागणारा, मग ते नोंदणीचे असोत, पोर्टफोलिओचे असोत की ऑडिशनचे, टाळायचा, हा या धंद्यातला जुना नियम आहे. पासवर्ड तर आईला सोडून कोणालाही देऊ नकोस. खातं हेच तुझं दुकान आहे. पुढे कधी चांगला व्यवस्थापक मिळालाच तर त्याला खात्याचा मर्यादित वापर देता येतो, मालकी तुझ्याकडे ठेवून. पहिला करार एका वर्षाचा कर, टक्केवारी फक्त त्याने आणलेल्या कामावर ठेव, आणि पैसे आधी तुझ्या बँकेत यायला हवेत.

'करार संपल्यावरही तीन वर्षं दुसऱ्याबरोबर काम करायचं नाही' असं कलम कोणी दाखवलं तर घाबरू नकोस. १८७२ च्या भारतीय करार कायद्याच्या कलम २७ नुसार धंदा-व्यवसाय करण्यापासून रोखणारी अट टिकत नाही. क्रिकेटपटू झहीर खान आणि त्याच्या आधीच्या व्यवस्थापन कंपनीच्या वादात सर्वोच्च न्यायालयाने २००६ मध्ये हेच धरलं, की मुदत संपल्यावर असं बंधन चालणार नाही. पण मुदत चालू असेपर्यंतचं बंधन बहुधा लागू होतं, म्हणून पाच वर्षांना मी एवढी घाबरते. तू तेवीसचा आहेस, अठ्ठावीसपर्यंत अडकशील.

मुंबईच्या फोनची आधी खात्री कर. वाहिनीच्या किंवा निर्मिती संस्थेच्या अधिकृत पत्त्यावरून ई-मेल मागव, त्यांच्या कार्यालयाचा नंबर स्वतः शोधून फोन लाव आणि विचार. तोपर्यंत आधार, पॅन, बँकेचा तपशील पाठवू नकोस. कोणी पैसे उकळलेच तर १९३० या सायबर हेल्पलाइनला ताबडतोब कळव, जितक्या लवकर कळवशील तितकी पैसे अडवले जाण्याची शक्यता जास्त.

निवड खरी निघाली आणि करार आला तर तो मराठीतून नीट समजावून घेतल्याशिवाय सही करायची नाही. काय बघायचं? मध्येच सोडलं तर दंड किती. घरच्यांचं चित्रीकरण करायचं असेल तर त्यांची वेगळी लेखी संमती लागेल, असं लिहिलंय का. घरात कोणी आजारी पडलं तर तुला कळवणार की नाही आणि किती वेळात. मानसोपचारतज्ज्ञ उपलब्ध आहे का. शो संपल्यावर किती महिने दुसरीकडे दिसता येणार नाही, आणि त्या काळात तुझे स्वतःचे व्हिडिओ चालू ठेवता येतील का. तुझ्या बाबतीत हे फार मोठं आहे, कारण तुझी रोजीरोटी पुढे त्यावरच असणार.

आणि चेहरा-आवाजाचं कलम दोनदा वाच. तुझं नाव, चेहरा, आवाज 'कायमस्वरूपी, जगभर, सर्व माध्यमांत' वापरण्याचा हक्क लिहून मागितला जाईल. त्या शोपुरता आणि त्याच्या प्रसिद्धीपुरता ठीक. त्यापुढे नाही, आणि संगणकावर तुझा आवाज तयार करण्यासाठी तर अजिबात नाही. अभिनेता अनिल कपूर याच प्रश्नासाठी २०२३ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयात गेला आणि त्याचं नाव, चेहरा, आवाज आणि त्याचं ते 'झक्कास' परवानगीशिवाय वापरण्याला न्यायालयाने मनाई केली. गायक अरिजित सिंहला २०२४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने आवाजाच्या नकलेविरुद्ध असंच संरक्षण दिलं. ते मोठे आहेत म्हणून त्यांना आवाज आहे असं नसतं. तुझी सगळी कमाई तुझ्या बोलण्यात आहे, ते बोलणं कोणाला कायमचं लिहून देऊ नकोस.

पैशाचं थोडक्यात. शोमध्ये जिंकलेल्या बक्षिसावर ३० टक्के कर आणि त्यावर ४ टक्के उपकर बसतो. इतर उत्पन्नाला मिळते ती किमान सूट इथे मिळत नाही. १० लाख जिंकलास तर ३,१२,००० करात जातील. दर आठवड्याचं मानधन वेगळं, ते व्यवसायाचं उत्पन्न. तेव्हा वर्ष संपण्याआधी एखाद्या कर सल्लागाराला भेट. कंपन्या फुकट वस्तू पाठवायला लागतील, वर्षाला २०,००० च्या वर गेल्या तर त्यावरही कर कापला जातो. पैसे घेऊन काही सुचवलंस तर व्हिडिओवर 'जाहिरात' असं स्पष्ट लिही. फसवी जाहिरात केली तर २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्याने पहिल्या वेळी १० लाखांपर्यंत दंड होऊ शकतो, आणि तो जाहिरात करणाऱ्या चेहऱ्यालाही लागतो. पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन गेमची जाहिरात तर कोणी लाखभर रुपये दिले तरी करायची नाही. २०२५ च्या कायद्याने त्यासाठी तुरुंगवासही आहे. आणि अशा खेळात पैसे घालवणारी मुलं तुझ्याच आजूबाजूची असतात.

मग जाऊ का नको? माझं मत विचारतोस तर पुढच्या फेरीला जा. तुझ्यात बोलायची ताकद आहे आणि तुझ्या शहराचं हे तीन भाषांचं बोलणं मोठ्या पडद्यावर कोणी फारसं आणलेलं नाही. पण कारखान्यातली नोकरी आत्ता सोडू नकोस. निवड झालीच तर मालकाला बिनपगारी रजा माग, ते देतील किंवा देणार नाहीत, पण करार हातात येण्याआधी खाडे करून तिथलं नाव खराब करू नकोस. आणि पुढच्या कॉलवर त्यांनी विचारायच्या आधी तूच सांग. शब्द तुझेच हवेत, पण साधारण असं: "मॅडम, मी माझ्याबद्दल काहीही बोलेन. कामाबद्दल, गरिबीबद्दल, माझ्या चुकांबद्दल. घरच्यांबद्दल त्यांनी परवानगी दिली तेवढंच. वडिलांच्या दारूचा विषय नाही, बहीण नाही. आईला यायचं असेल तर ती काय बोलेल ते तीच ठरवेल. एवढ्यात जमत असेल तर मी तयार आहे."

यावर त्यांनी नकार दिला तर त्यांना तू नको होतास, तुझ्या घरातलं रडणं हवं होतं. असं झालं तर तुला वाईट वाटेल, महिनाभर वाटेल, गल्लीत विचारतील तेव्हा जास्त वाटेल. तरीही त्या दिवशी संध्याकाळी व्हिडिओ कर, नेहमीसारखा, ज्या कशावर करायचा त्यावर. तुझे बघणारे कुठे जात नाहीत. आणि ते हो म्हणाले तर हे बोलणं त्याच दिवशी ई-मेलवर लिहून पाठव आणि त्यांचं लेखी उत्तर घे. तोंडी होकार करारात आपोआप येत नाही.

वकिलाची फी परवडणार नसेल तर जिल्हा न्यायालयात जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचं कार्यालय असतं, कमी उत्पन्न असणाऱ्यांना तिथे मोफत सल्ला मिळतो. करार घेऊन जा, आणि जाताना बहिणीला बरोबर ने. तुझ्या पत्रावरून वाटतं, घरात कागद सर्वांत नीट तीच वाचेल.